मार्ताचं पान

वहिनी,

तुला जाऊन महिना होत आला आणि मी अजून तुझ्यावर रागावलेलीच आहे. भेटायला येणाऱ्यांसमोर ते दाखवता येत नाही. बायका येतात, डोळ्यांना पदर लावतात, "परदेशातली असून घरची होऊन राहिली हो," असं म्हणतात आणि मी मान हलवते. घरची होऊन राहिलीस, खरंच आहे ते. घरातल्या माणसांनी एकमेकांपासून काय काय लपवायचं, हेही तू इथे छान शिकलीस. की शिकूनच आली होतीस?

देश स्वतंत्र झाला त्या वर्षीच्या थंडीत दादा तुला घेऊन चिंचवडला आला. मी वीस वर्षांची होते. तो लढाईआधी रसायनशास्त्र शिकायला व्हिएन्नाला गेला, तिथून बुडापेस्टला सरकला आणि लढाईत तिथेच अडकला. कित्येक वर्षं त्याची काही खबर नव्हती. आईने देव पाण्यात घातले होते. आणि एका सकाळी दारात टांगा थांबला, त्यातून दादा उतरला, आणि त्याच्या मागून तू. आईचा चेहरा एकाच वेळी उजळला आणि पडला, असा मी पुन्हा कधी पाहिला नाही.

त्याच दिवशी दुपारी आईने तुला विचारलं, "माहेरी कोण कोण?" दादाने तुझ्या भाषेत सांगितलं. तू हातातला पेला खाली ठेवलास. मग तू बोललीस आणि दादाने आमच्यासाठी सांगितलं, की आई वारली, आणि धाकटी बहीण मार्ता लढाईअखेरच्या बुडापेस्टच्या वेढ्यात गेली. एकोणीस वर्षांची होती. आई "अरेरे" म्हणून आत निघून गेली. मी तुझ्याजवळ सरकले आणि रडले. कधी न पाहिलेल्या एका मुलीसाठी मी त्या दिवशी पोटभर रडले, वहिनी. तू माझ्या डोक्यावरून हात फिरवत होतीस. तुझे डोळे कोरडे होते. मला वाटलं, या बाईचे अश्रू संपले असतील.

मग पुन्हा एकदा इथल्या रीतीने लग्न लावलं आणि इलोनाची इला केली. मी तुला भीतभीत विचारलं होतं, "नाव बदललं त्याचं वाईट वाटलं का?" तू हसलीस. तोवर तुला थोडं हिंदी यायला लागलं होतं. घरी इलोना, शाळेच्या पटावर एलेना, मोठेपणी पुन्हा इलोना, लढाई संपताच पुन्हा एलेना, आता इला, असं तू बोटांवर मोजून दाखवलंस. तुझं गाव, कोलोझवार, जागचं हललं नव्हतं. देश मात्र येत जात राहिले. तुम्ही हंगेरियन आणि राज्य रुमानियाचं. शाळेत तुम्ही मुली मधल्या सुट्टीत आपल्या भाषेत बोललात की हातावर पट्टी बसायची. तू पंचवीस वर्षांची होण्याआधी हंगेरीचं सैन्य आलं, गावभर फुलं उधळली गेली, रस्त्यांच्या पाट्या बदलल्या. चार वर्षांनी त्या परत बदलल्या. तुझी आई शिवणकाम करायची. दोन्ही झेंड्यांत लाल पट्टा असतो म्हणून ती दर वेळी लाल कापड उसवून ठेवायची आणि नव्या झेंड्याला लावायची. "लाल कपडा कभी वाया नहीं गया," असं तू म्हणालीस आणि आपण दोघी मागच्या पायरीवर बसून पोट धरून हसलो.

तू मला सगळं असंच सांगायचीस. हसत. तळघरातला वेढ्याचा हिवाळासुद्धा. मेलेल्या घोड्याचं मांस शिजवताना दादा म्हणाला होता की हिंग असता तर चाललं असतं. "आईला सांगू नको," असं तू मला बजावलंस आणि मी आजतागायत सांगितलं नाही. तुझं गुपित आईपासून सांभाळून ठेवणारी मी! मला केवढा अभिमान वाटायचा त्याचा.

मराठी तुला मी शिकवली. तुमच्या भाषेत तो आणि ती असा भेदच नाही, त्यामुळे सगळी नामं तुझ्या हातून निसटायची. "दूध आला", "सूर्य गेली", "सासूबाई रागावला". रहाटणीहून दूध घालायला येणारी सखूबाई एकदा दारातच कमरेवर हात ठेवून उभी राहिली. "अवो, ह्या तुमच्या गोऱ्या वैनी मला बघून 'तो आला, तो आला' म्हणत्यात. म्या काय बाप्या हाय व्हय?" त्यानंतर तू तिला 'आले' म्हणायला लागलीस. "हे कुणालाही चालतो," म्हणालीस. चालतो नाही, चालतं, हे मी सांगेपर्यंत तू आत पळालीस.

मला 'वन्सं' म्हण असं आईने तुला सांगितलं होतं. तो शब्द तुझ्या जिभेवर बसेना. मग एक दिवस तू मला 'हूगोम' म्हणालीस. धाकट्या बहिणीसाठी तुमच्याकडे वेगळा शब्द आहे, 'माझी धाकटी' असा त्याचा अर्थ. आधी हे कुणाला म्हणायचीस, असं मी विचारलं. तू म्हणालीस, "मार्ता होती, तिला." होती. ते क्रियापद तू कधी चुकली नाहीस.

मला बहीण नव्हती. तू मला गेलेल्या बहिणीच्या जागी बसवलंस असं मी समजले आणि ती जागा मी फार जपली.

म्हणून तर दुसऱ्या वर्षीच्या पितृपक्षात मी आईशी भांडले. आपल्या पितरांची पानं वाढतात, मग वहिनीच्या मार्ताचं का नाही? तिला दुसरं कोण आहे? आई म्हणाली, "वेडी आहेस का? ना आपल्या धर्माची, ना गोत्राची." तोवर तुला स्वयंपाकघरात यायलाही मोकळीक नव्हती. मागच्या पडवीत तुझी वेगळी शेगडी होती. मी दिवसभर जेवले नाही. आई ढळली नाही. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी काय झालं कुणास ठाऊक, आई आपण होऊन म्हणाली, "अमावास्येला एक पान जास्त वाढीन. बाहेरच्या बाजूला." मला वाटलं, मी जिंकले. तुझ्या गळ्यात पडून मी तुला सांगितलं. तू म्हणालीस, "हो?" एवढंच.

मार्ताला काय आवडायचं ते मी तुला विचारलं. तू थोडा विचार करून म्हणालीस, "लाल भोपळा." दर वर्षी त्या पानावर मी माझ्या हाताने लाल भोपळ्याची भाजी वाढत आले. त्याच वर्षी दिवाळीत आईच्या अनारशांसाठी काढलेली खसखस बघून तू "माक! माक!" असं ओरडत स्वयंपाकघरात शिरलीस. तुमच्याकडेही सणाला खसखशीची पोळी असते म्हणे. आईने तुला बाहेर काढलं नाही. पाट सरकवला. मला वाटलं, हे खसखशीने केलं. किती गोष्टी मला नुसत्या वाटत होत्या, वहिनी.

पिंपरीला औषधांचा नवा कारखाना निघाला, दादाला तिथे काम मिळालं आणि मी निर्वासितांच्या कॅम्पातल्या शाळेत लागले. सिंधहून आलेल्या बायकांत तू माझ्यापेक्षा लवकर रुळलीस. पापड विकणाऱ्या मोहिनीने तुला पहिल्याच भेटीत विचारलं, "आपका मुल्क कौन सा?" तू विचारलंस, "कौन से साल का?" मोहिनी खो खो हसली आणि हसता हसता तिथेच बसून रडायला लागली. तू तिच्याजवळ जमिनीवर बसलीस. मी उभी होते. तुम्हा दोघींना जे ठाऊक होतं ते मला नव्हतं, हे मला तेव्हा समजायला हवं होतं.

आता यंदाच्या भाऊबिजेबद्दल बोलायचं.

मी दादाला ओवाळत होते. तू दाराला टेकून बघत होतीस. आदले काही दिवस बुडापेस्टच्या बातम्या येत होत्या. लोक रस्त्यावर उतरले, रशियाचं सैन्य मागे गेलं, आणि तू घरात गाणी म्हणत होतीस. त्या दिवशी रेडिओवर सांगितलं की रणगाडे परत आलेत आणि शहरावर तोफा चालू आहेत. माझ्या हातात तबक होतं. तू भिंत धरलीस आणि म्हणालीस, "मार्ता तिथे आहे."

मी तुझी मास्तरीण. मी म्हटलं, "आहे नव्हे वहिनी, होती म्हण."

तू माझ्याकडे पाहिलंस. "नाही," म्हणालीस. "आहे."

निरांजन दादाने माझ्या हातातून काढून घेतलं. त्याला आणि आईला आश्चर्य वाटलं नाही, हे मी पाहिलं. पण त्याचा अर्थ लावायला मला वेळ लागला. आधी मी तुझ्यावर तुटून पडले.

"मग मी इतकी वर्षं कुणासाठी रडले?"

"मला नको विचारू."

"जिवंत माणसाचं पान वाढलं आम्ही! माझ्या हाताने वाढलं मी!"

"ती जिवंत नाही," तू म्हणालीस. "ती फक्त मेली नाही."

"का? काय केलं तिने?"

तू रेडिओजवळ जाऊन बसलीस आणि पुढे कित्येक दिवस तिथून फारशी हललीच नाहीस. मला ते बघवेना. जिला स्वतः मारून टाकलंस तिच्यासाठी कानात प्राण आणून बसायचं? दादा म्हणाला, "आपलं सरकार लक्ष ठेवून आहे." तू त्याच्याकडे न बघता म्हणालीस, "हो. बघतात. सगळे नेहमी बघतात." आठवड्याभरात बातम्या आटल्या. बुडापेस्ट पुन्हा गप्प झालं आणि तू अंथरूण धरलंस.

तुझं काळीज त्या तळघरातल्या हिवाळ्यापासूनच अधू होतं, पुण्याच्या डॉक्टरांनी आधीच सांगून ठेवलेलं. ताप आला आणि उतरेना. मी तुझं सगळं केलं. पाणी दिलं, कपाळावर घड्या ठेवल्या, केस विंचरले. बोलले मात्र कामापुरतंच. शेवटच्या आदल्या दिवशी संध्याकाळी तू माझं मनगट धरलंस.

"रागावली आहेस?"

"हो."

"बरं," तू म्हणालीस. "राग राहू दे. जेवून घे."

बरोबर बोललीस. एकही चूक नाही. मी जाऊन जेवले. दुसऱ्या दिवशी तू गेलीस.

पवनेच्या काठी दादाने सगळं केलं. मोहिनी आणि कॅम्पातल्या बायका आल्या होत्या, मागे उभ्या होत्या. दिवस झाले, तेरावा झाला, पाहुणे गेले. मी आईसमोर जाऊन बसले आणि म्हटलं, "तुला माहीत होतं. मार्ता जिवंत आहे हे तुला माहीत होतं."

आई तांदूळ निवडत होती. हात थांबला नाही. "हो."

"कधीपासून?"

"तू पानासाठी उपाशी राहिली होतीस, तेव्हापासून."

मग तिने सांगितलं. मी आत रुसून पडले होते तेव्हा तू पडवीतून उठून आईकडे गेलीस. मराठी धड येत नव्हती, म्हणून दादाला बरोबर नेलंस. आईला म्हणालीस, मार्ताचं पान वाढू नका, ती जिवंत आहे. वाढायचंच असेल तर दुसऱ्या एका बाईचं वाढा. रोझी तिचं नाव.

रोझी म्हातारी होती. गाव सोडून बुडापेस्टला आल्यावर तुम्ही बहिणी तिच्याच घरात भाड्याने राहायचात. मार्ताला शिवण तिने शिकवलं. ती ज्यू होती, म्हणून वेढ्याच्या दिवसांत तुम्ही तिला तळघरातल्या कोळशाच्या खोलीत लपवलं होतं. आणि पलीकडे, पडलेल्या भिंतीआड, दादाला. तो इंग्रजांची प्रजा, म्हणजे जर्मनांच्या बाजूने लढणाऱ्या हंगेरीचा शत्रू. हिरव्या शर्टातली, हातावर बाणांचं चिन्ह लावलेली पोरं घरोघर झडत्या घेत फिरत होती. कुणीतरी त्यांना सांगितलं होतं की या घरात एक काळा परदेशी आहे. तू बादलीत बर्फ भरून आणायला वर गेली होतीस. ते आले तेव्हा समोर मार्ता एकटीच होती.

"ते आपल्या माधवला शोधायला आले होते," आई म्हणाली. "त्या पोरीने सांगितलं, इथे परदेशी कुणी नाही. ते ऐकेनात. भिंतीकडे निघाले. तेव्हा तिने कोळशाच्या खोलीकडे बोट केलं."

म्हातारीला त्यांनी नदीवर नेलं. डॅन्यूबच्या काठी उभं करून मारायचे, तसं. तू बादली घेऊन खाली आलीस तर खोलीचं दार उघडं. मार्ता म्हणाली, "त्यांना ती सापडलीच असती." त्यानंतर तू तिच्याशी एक शब्द बोलली नाहीस.

"मग मी काय करायला हवं होतं?" आईने मला विचारलं. आता तिचा हात थांबला होता. "माझा मुलगा ज्या बाईच्या बदली घरी आला, तिच्यासाठी एक पान वाढायला गोत्र विचारत बसू? इला म्हणाली, कुसुमला सांगू नका. तिला मार्ताचंच वाटू दे. मी बरं म्हटलं."

मी दादाकडे गेले. तो ओट्यावर बसला होता. त्याला विचारलं, हे खरं का. त्याने मान डोलावली. "भिंतीआडून सगळं ऐकू येत होतं मला," म्हणाला. "मला बाहेर येता आलं असतं, कुसुम." मी तिथे थांबले नाही.

वहिनी, आता मला सगळं दिसतं. हेही दिसतं, की मार्ताने जे केलं ते तुझ्यासाठी केलं, तुझा माणूस वाचावा म्हणून, आणि नेमकं म्हणूनच तू तिला क्षमा करू शकली नाहीस. रोज सकाळी ज्याच्यासमोर चहाचा कप ठेवायचा, तो माणूस काय मोलाने मिळालाय, हे तुला रोज ठाऊक होतं. तू दादावर प्रेम केलंस आणि मार्ताला मारलंस. दोन्ही एकाच घरात निभावून नेलंस. ते मला जमलं नसतं.

पण मला का नाही सांगितलंस? मी काय कुक्कुलं बाळ होते? मी कॅम्पातल्या मुलींना शिकवते. त्यांच्यातल्या किती जणींनी काय पाहिलंय ते मला माहीत आहे. ते ऐकताना माझे कान फुटले नाहीत. घरात चार माणसं, तिघांना ठाऊक, आणि चौथी नऊ वर्षं भोपळा चिरतेय. मी तुझी मराठी सुधारत होते तेव्हा तुम्ही तिघं माझ्याकडे कुठल्या नजरेने बघत होता?

हेच मी आईला विचारलं. "तुझ्याशी बोलली. माझ्याशी का नाही? तुझ्या स्वयंपाकघरात तर तिला पाय ठेवायची बंदी होती तेव्हा."

आई म्हणाली, "माझ्याजवळ तिला रडता यायचं. तुझ्याजवळ तिला हसायचं असायचं. तुला सांगितलं असतं तर तेवढंही गेलं असतं तिचं."

हे ऐकून मला बरं वाटायला हवं होतं. नाही वाटलं. हसण्यासाठी एक माणूस आणि रडण्यासाठी दुसरं, अशी वाटणी तू केलीस. मला न विचारता. मला दोन्ही झेपलं असतं, वहिनी. एकदा माझी परीक्षा तरी बघायची होतीस. मागच्या पायरीवर बसून आपण जे हसलो ते खोटं नव्हतं हे मला कळतं. पण आता ते आठवायला गेलं की मी तुझ्या चेहऱ्याकडे बघते. तू माझ्या चेहऱ्याकडे बघत असतेस, मला कळलं तर नाही ना म्हणून.

दहा दिवसांमागे आई दादाला म्हणाली, "मार्ताला कळवलंस का?"

मी म्हटलं, "कशाला? वहिनीने तिचं नाव टाकलं होतं."

"तिने टाकलं होतं. मी नाही टाकलेलं," आई म्हणाली. "सख्खी बहीण आहे ती. सुतक आहे तिला. कळायला नको?"

दादाला एक जुना पत्ता ठाऊक होता. रोझीच्याच घराचा. मार्ता अजून तिथेच राहते म्हणे, निदान दोन वर्षांमागे तरी राहत होती. कुठून कळलं ते मी त्याला विचारलं नाही. तू ऐकलं असतंस तर तुला कळलं असतं की तुझ्यापासूनही या घरात काही लपवलेलं होतं. तो पुण्याला जाऊन तार करून आला. तार जाईल, पण पोचेल की नाही याची हमी नाही, असं तिथल्या माणसाने सांगितलं. त्या भागात बरीच घरं पडली आहेत म्हणे. आठ दिवस झाले, उत्तर नाही.

म्हणजे बघ वहिनी. मार्ता आहे की होती, हे आता खरोखरच कुणाला ठाऊक नाही. तू नऊ वर्षं जे खोटं बोललीस ते या दीड महिन्यात खरं झालेलंही असेल. या खोट्यापायी मी तुझ्याशी धड बोलले नाही, तुला तशीच जाऊ दिली, अजून तुला माफ केलेलं नाही. आणि रोज शाळेतून परत येताना टपालवाला दिसला की माझी पावलं भरभर पडतात. मला त्या मुलीचं काय करायचंय, मला ठाऊक नाही. तिच्यावर रागवायचं, की माझा भाऊ जिवंत ठेवला म्हणून तिच्या पाया पडायचं, तेही ठाऊक नाही. फक्त ती असावी. तू माझ्याशी बोललीस ते खोटं होतं ना? मग ते खोटंच राहू दे.